आक्काच्या खरेपणाचं अपील

चिकोडीच्या कोर्टात आंब्याचा दावा आम्ही जिंकलो आणि त्या दिवसापासून आमच्या घरात कुणी सुखानं जेवलं नाही. हरलेली माणसं चार दिवस तोंड पाडून बसतात, मग उठून कामाला लागतात. जिंकलेल्यांचं तसं नसतं, हे मला त्या वर्षी कळलं.

माझं माहेर बेळगावात, अनगोळला. सासर निपाणीच्या पुढं, बोरगावच्या वाटेवरच्या एका खेड्यात. सासूबाई मी यायच्या आधीच गेलेल्या. घर चालवायची ती आक्का, म्हणजे माझ्या सासऱ्यांची थोरली बहीण. सासऱ्यांना मी मामंजी म्हणायची. आक्का लग्नानंतर वर्षभरातच विधवा होऊन माहेरी परत आली होती आणि तेव्हापासून भावाच्या घरच्या किल्ल्या तिच्या कमरेला होत्या. माझा नवरा निपाणीला तंबाखूच्या वखारीत, शनिवारी रात्री येणार आणि सोमवारी पहाटे जाणार. त्यामुळे या गोष्टीत त्याला फारसं काम नाही, आणि तेही त्याचं नशीब थोर म्हणून.

आक्काचा शब्द म्हणजे गावचा दाखला. कुणाची म्हैस कधी व्याली, दोन भावांत थोरला कोण, कुणाचं लग्न पटकीच्या साथीआधी झालं की नंतर, सगळं तिच्या डोक्यात. जन्ममृत्यूच्या नोंदी चावडीत असायच्या, पण पाटील स्वतःच्या मुलाचं वय विचारायला आमच्या दारात यायचा. ती खोटं बोलत नसे. पण म्हणून ती साध्वी होती असं कुणी समजू नये. खरं सांगायला मिळालं की तिला मनापासून मजा यायची, आणि ते समोरच्याला झोंबणारं असलं तर दुप्पट. मी केलेल्या पहिल्या पुरणपोळ्यांबद्दल तिनं भरल्या पंगतीत जे खरं सांगितलं ते मी अजून विसरलेली नाही.

भांडण होतं एका आंब्याच्या झाडाचं. आमच्या आणि आप्पांच्या शेताच्या मधल्या बांधावर ते झाड. आप्पा म्हणजे मामंजींचे चुलतभाऊ. दोघांचे वडील सख्खे भाऊ, जमीन वाटून घेतलेली, झाड तेवढं मध्ये राहिलेलं. वर्षानुवर्षं आंबे निम्मे निम्मे वाटले जायचे. एका अक्षयतृतीयेच्या आधी आप्पांनी न विचारता झाडावर माणूस चढवला. मामंजींनी एक शिवी दिली, आप्पांनी ती व्याजासकट परत केली आणि दुसऱ्या दिवसापासून दोघांनाही सगळं झाड स्वतःचं वाटायला लागलं. मामंजींनी दावा लावला.

झाड लावताना पाहिलेलं जिवंत माणूस एकच होतं, आक्का. निपाणीचे आमचे वकील तिला म्हणाले, "झाड कुणी लावलं ते तुम्हाला माहीत आहे?"

"व्हय. माझ्या बापानं. मी सोता पाणी घातलंय."

वकील खूश, मामंजी खूश. पुढचं कुणी विचारलंच नाही. आक्काला एक विचारलं की ती चार सांगते, ही धास्ती आमच्या घरात इतकी मुरलेली होती की मिळालं तेवढ्यावर सगळे उठले. अशी चूक आमच्याच घरात व्हावी.

कोर्टात आक्कानं शपथ घेतली आणि बापानं आंबा लावल्याचं सांगितलं. मग आप्पांचे वकील उठले. त्यांचं म्हणणं होतं की झाड आप्पांच्या बापानं लावलं. त्यांनी तिला घाबरवायला म्हणून विचारलं, "जागा कुणाची होती?"

"ह्या आप्पाच्या बापाची," आक्का म्हणाली. "माझा बाप म्हणाला, दादा, जागा तुझी, रोप माझं, आंबं निम्मं निम्मं. दोघांनी मिळून आळं केलं. मी तांब्या घिऊन हुबी व्हते."

दोन्ही वकिलांची तोंडं एकदमच उतरली. सगळं झाड मागायला आलेल्या दोन पक्षांना अर्धं झाड देणारी साक्षीदार कुणालाच नको होती.

मुन्सफसाहेबांनाही ती नको होती. त्यांनी सरळ सरकारी मोजणीचा नकाशा घेतला, बांधाची रेघ बघितली आणि झाड आमच्या बाजूला पडतं म्हणून सगळं झाड मामंजींना देऊन टाकलं. आता आक्काची हकीकत मध्ये लुडबुडत होती, तिची काहीतरी वाट लावायला हवी होती. म्हणून त्यांनी लिहिलं की वादीची ही साक्षीदार कल्पित कहाण्या रचून सांगणारी बाई दिसते, तिच्या शब्दावर काडीइतकाही भरवसा ठेवता येत नाही. निकाल इंग्रजीत होता. काडी त्यात साहेबांची होती की आमच्या वकिलांनी मराठी करताना भरीला घातली, देव जाणे.

मामंजी पेढे घेऊन घरी आले आणि त्यांनी ते वाक्य मला हसत हसत सांगितलं. आक्का गाडीतून उतरली ती सरळ परसात गेली.

संध्याकाळी मी चुलीपुढून विचारलं, "आक्का, आमटीत मीठ बघता का?"

"माझ्या शब्दावर काडीचा भरवसा न्हाय. दुसऱ्याला इचार."

मला वाटलं, रुसवा आहे, सकाळी जाईल. सकाळी दूध उतू गेलं. आक्का चुलीजवळच बसली होती, डोळे उघडे होते. "अहो आक्का, सांगायचं तरी!" तर म्हणते, "मी सांगून काय उपेग? कोर्टाला पटाय पायजे." त्या दिवसापासून आक्का कशाबद्दलच काही सांगेना. पाऊस आला का, गडी आला का, शेळी कुठं गेली, काहीही विचारा, उत्तर एकच. बोलायची बंद झाली नव्हती हं. शिव्या होत्या, ओव्या होत्या, कामाचे हुकूम होते. फक्त खरं किंवा खोटं ठरू शकेल असं एक अक्षर तिच्या तोंडून निघत नव्हतं. माणसाच्या बोलण्यातलं तेवढंच काढून घेतलं तर घर कसं चालतं, ते मी भोगलेलं आहे. कुलपाची किल्ली कुठंय हे विचारण्यापेक्षा कुलूप तोडणं सोपं झालं होतं.

गावात निकालाचं वाक्य आमच्या आधी पोचलं होतं. चावडीवर कुणी थाप मारली की लोक म्हणायचे, "का रं, तूबी आंब्याच्या दाव्यात साक्ष दिलतीस काय?" मामंजी हे ऐकून न ऐकल्यासारखं करायचे. त्यांना झाड मिळालं होतं. ते रोज सकाळी जाऊन झाडाखाली नुसते उभे राहून यायचे.

मग एकदा बोरगावहून गावातल्या एका घरी सोयरीक बघायला माणसं आली आणि मुलीचं वय विचारायला पाटलांनी त्यांना नेहमीसारखं आमच्याकडं आणलं. त्यातला एक ओट्यावरूनच म्हणाला, "ही तीच न्हवं, कोर्टात खोटी ठरल्याली?" आक्का दाराआडच होती. त्या रात्री ती जेवली नाही. तोवर मला तिचा संतापच येत होता. त्या रात्री पहिल्यांदा कीव आली, आणि या बाईची आपल्याला कीव यावी याचा आणखी संताप आला.

सकाळी ती म्हणाली, "पोरी, गाडी जुंपाय सांग. वकिलाकडं जायाचं. तुला वाचाय येतंय, तू चल." मामंजींना आम्ही निपाणीचा बाजार सांगितला. म्हणजे मी सांगितला. आक्का काही सांगतच नव्हती.

वकील तपकिरीचे शौकीन होते. जिंकलेल्या पक्षाला दारात बघून त्यांनी दोन पाट मांडले. आक्का म्हणाली, "मला खोटी म्हटलंय ते पुसून द्या."

"आक्का, निकालानंतरचे उपाय म्हणजे वैद्याच्या पुड्या," वकील म्हणाले. "रोग बघून पुडी द्यायची. भलतीच घेतली तर मुदत जाते आणि रोग राहतो."

"मग माझ्या रोगाची द्या."

"तुम्हाला रोगच नाही. तुम्ही जिंकलाय."

"मी कुटं जिंकले? झाड जिंकलं."

वकिलांनी चिमूट ओढली, शिंकले आणि पहिल्यापासून सुरू केलं. अपील असतं ते हुकूमनाम्यावर. हुकूमनामा म्हणतो झाड तुमच्या भावाचं. ते काय तुम्हाला नको आहे? निकालपत्रातल्या एका वाक्यावर अपील होत नाही. आणि तुम्ही पक्षकारही नाही, साक्षीदार. साक्षीदाराला अपील नसतं.

"दुसरी पुडी?"

"रिव्ह्यू. म्हणजे त्याच साहेबांना म्हणायचं, आपली नजरचूक झाली, परत बघा."

"ज्यानं खोटी म्हटलं त्यालाच जाऊन इचारायचं, बाबा रं, मी खरी काय?"

"तसंच. शिवाय त्यांची बदली झाली. नवे साहेब जुन्यांच्या वाक्याला हात लावणार नाहीत."

"तिसरी?"

"रिव्हिजन. ते मुंबईला. साहेबांनी अधिकार नसताना काही केलं असेल तरच."

"मला खोटी म्हणायचा अधिकार हुता त्याला?"

"होता."

"कुणी दिला?"

"सरकारनं."

"सरकार व्हतं काय तितं, आंबा लावताना?"

मला हसू आवरेना. मी पदर तोंडाला लावला. आक्का विचारात पडली होती. आमच्या गावच्या ओढ्यापलीकडं संस्थानाची हद्द लागते, इंग्रजांचं कोर्ट तिथं चालत नसे. ती म्हणाली, "संस्थानच्या कोर्टात घातलं तर?"

"आक्का, आंबा ओढ्याच्या अलीकडं आहे."

"मी पलीकडं जाऊन ऱ्हाते."

वकिलांनी हात जोडले. दारापर्यंत आम्हाला पोचवताना ते एक वाक्य जास्त बोलले, आणि त्याबद्दल ते पुढं वर्षभर स्वतःला दोष देत होते. "एकच वाट होती. आप्पांनी अपील केलं असतं तर! हरलेल्यानं अपील केलं की जिंकलेल्यालाही म्हणता येतं, हुकूमनामा मला मान्य आहे पण खालच्या साहेबानं अमुक ठिकाणी चूक केली. मग तुमची साक्ष वरच्या साहेबापुढं नव्यानं वाचली गेली असती. पण आप्पा आता थकलेत. महिन्याची मुदत, तीही संपत आली."

गाडीत बसल्यावर गाडीवानानं विचारलं, "आता कुटं, आक्का? घरी?"

"आप्पाकडं," आक्का म्हणाली.

आप्पा ओसरीवर चुन्याची डबी घेऊन बसले होते. आम्हाला बघून उठले, परत बसले, परत उठले. दावा लागल्यापासून त्या घरात आमच्यातलं कुणी पाऊल ठेवलं नव्हतं. आप्पांच्या बायकोनं, म्हणजे काकींनी, गुळाचा खडा आणि पाणी आणून ठेवलं. आक्का पाण्याला शिवली नाही.

"आप्पा, तू अपील कर."

आप्पांनी आधी तिच्याकडं बघितलं. मग माझ्याकडं बघितलं, मग बाहेर गाडीकडं, आणखी कोण लपलंय का म्हणून. "आक्का, जितल्याली माणसं हरल्याल्याच्या दारात यिऊन अपील कर म्हणत्यात, हे मी ह्या जल्मात ऐकलं न्हाय. काय डाव हाय?"

"डाव न्हाय. मला खरी ठरायचंय."

"तू खरीच हाईस की. मला ठावं न्हाय व्हय?"

"मग कोर्टात का न्हाय बोललास?"

"कोर्टात मला झाड पायजे हुतं."

"आता बोल."

"आता मला कोण इचारतंय?" आप्पा म्हणाले. "न्हाय गं आक्का. लई फिरलो. सुखानं हरू दे मला."

ती उठली, पाणी तसंच ठेवून. परतीच्या वाटेवर गाडीत तिनं डोळे पुसले, आणि मी बघितलं म्हणून मला म्हणाली, "धूळ जातीय." त्या सगळ्या वर्षात तिच्या तोंडून निघालेली ही एकच हकीकत, आणि ती तद्दन खोटी होती.

अपील तिथंच मेलं असतं. त्याला जिवंत केलं मामंजींनी. संध्याकाळी गाडीवानाकडून त्यांना सगळं कळलं आणि ते तसेच काठी घेऊन आप्पांच्या दारात गेले. "खबरदार अपील केलंस तर! गुमान बस. तुझ्या भल्याचं सांगतोय." आप्पांनी रात्रभर विचार केला असणार. आक्का कर म्हणाली तेव्हा त्यात डाव असेल, पण भाऊ नको म्हणतोय म्हणजे त्यात नक्की काहीतरी आहे. दुसऱ्या दिवशी सकाळच्या मोटारीनं आप्पा बेळगावला जाऊन वकील गाठून आले. आमच्या मुलखात माणसाकडून काही करून घ्यायचं असलं तर त्याला ते करू नको म्हणून सांगावं. मामंजी स्वतः हे मला कितीदा तरी सांगत आले होते.

अपील दाखल झालं आणि पहिला हुकूम आला तो असा की निकाल लागेपर्यंत दोन्ही पक्षांनी झाडाच्या फळांना हात लावू नये. त्या वर्षी आंबा असा धरला होता की फांद्या बांधाला टेकल्या होत्या. दोन्ही घरची माणसं आपापल्या बाजूला उभी राहून बघायची. आंबे पिकले, पडले, सडले. वानरांवर कुणी हुकूम बजावला नव्हता, त्यांनी जे काय खायचं ते खाल्लं. काकी आणि मी बांधाच्या दोन बाजूंनी वास घेत उभ्या होतो आणि एकमेकींकडं बघून आम्हाला हसूच फुटलं. मामंजींनी लांबून हाक मारून विचारलं, हसायला काय झालं. मी म्हटलं, काही नाही, कोर्टाची बेअदबी करत नाही आम्ही.

मला त्या वेळी दिवस गेलेले होते. बाळंतपणाला माहेरी जायचं ठरलं होतं, पण नद्यांना पाणी आलं, रस्ते बंद झाले आणि मी सासरीच अडकले. सुईण आणि आक्का, दोघीच. आक्कानं त्या दिवशी माझं जे केलं ते माझ्या आईनंही केलं नसतं. कमरेला तिच्या गुडघ्याचा आधार होता, कपाळावर तिचा हात होता आणि वरून शिव्यांचा पट्टा चालू होता. मूल झालं, रडलं. बाहेरून मामंजींनी विचारलं, "आक्का, काय झालं गं? पोरगा का पोरगी?"

आतून आक्का म्हणाली, "सोता यिऊन बघा. माझं काय खरं?"

सुईण म्हणाली, "अगं बाई, येवढं तरी सांग!" आक्कानं मूल फडक्यात गुंडाळून दाराबाहेर भावाच्या हातात दिलं. मामंजींनी ते उलगडून बघितलं आणि मग पेढे आणायला माणूस गेला.

पण खरी अडचण पुढंच होती. जोशी आले आणि म्हणाले, त्या दिवशी दिवेलागणीला नक्षत्र बदलत होतं. जन्म दिवेलागणीच्या आधीचा की नंतरचा? आधीचा असेल तर पत्रिका एक, नावाचं अक्षर एक. नंतरचा असेल तर सगळंच निराळं. घरात घड्याळ नव्हतं. घड्याळ म्हणजे आक्काच होती. मला त्या वेळी सकाळ की संध्याकाळ याचंही भान नव्हतं. सुईण म्हणाली, मी पोर झेलत हुते, मला काय ठावं, दार उघडून आक्का बघत व्हत्या. मामंजी गोठ्यात.

जोशी आक्काकडं वळले. आक्का म्हणाली, "खोट्या बाईच्या शब्दावर पोराची पत्रिका नगं. अपिलाचा निकाल लागू दे."

मी अंथरुणावरून रडले, ओरडले, तिला नको ते बोलले. नवऱ्यानं शनिवारी येऊन समजावलं. पाटील येऊन गेले. ती बाळाला मांडीवर घेऊन तेल लावत होती, त्याच्याशी बोबडं बोलत होती, पण वेळ सांगेना. शेवटी बाराव्या दिवशी आम्ही पाळणा हलवला आणि कानात नुसतं "बाळ" म्हटलं. बायका एकमेकींकडं बघायला लागल्या. पाळण्यातल्या मुलाचं नाव बेळगावच्या जिल्हा कोर्टात पडून आहे, हे त्यांना कसं सांगायचं?

सुनावणीची तारीख थंडीत लागली. निपाणीहून बेळगावला सर्व्हिसची मोटार एकच, म्हणून दोन्ही पक्ष एकाच मोटारीत. मी बाळाला घेऊन माहेरी निघाले होते. आप्पांचं बेळगावात कुणी नव्हतं. मोटार उतरल्यावर ते पिशवी धरून रस्त्यात उभे राहिले. आक्का म्हणाली, "हुबा काय ऱ्हातोस? चल." आणि आमच्यावर अपील केलेला माणूस माझ्या माहेरी अनगोळला जेवायला बसला. आईनं मला स्वयंपाकघरात ओढून विचारलं, "हेच काय गं ते?" मी म्हटलं, हेच. तिनं त्यांना भात थोडा जास्तच वाढला.

पानात लोणचं आलं तशी मामंजींचा हात थांबला. मागं मीच पाठवलेलं, त्याच झाडाच्या कैऱ्यांचं. "ह्याला मनाई हुकूम लागू हाय का रं आप्पा?"

आप्पांनी फोड बोटानं दाबून बघितली. "न्हाय. जुनं हाय. दाव्याच्या आधीचं."

दोघांनी एकदमच तोंडात घातली.

जिल्हा कोर्टात आक्का नवं लुगडं नेसून आली होती. तिला वाटत होतं, परत साक्ष होणार. अपिलात साक्षीदाराला कुणी विचारत नाही, आधी लिहून घेतलेलंच वाचतात, हे तिला वकिलांनी पायरीवर सांगितलं तेव्हा तिचा चेहरा पडला. तरी ती जाऊन अगदी पुढच्या बाकावर बसली. मी बाळाला घेऊन मागं.

बोलणं इंग्रजीत सुरू झालं. मला एवढं कळत होतं की आप्पांचे वकील आपली आधीची बाजू गुंडाळून ठेवत होते. नकाशा त्यांच्या विरुद्ध होता. सगळं झाड मिळत नसेल तर अर्धं काय वाईट, असा हिशेब करून आता ते आक्काला खरी म्हणत होते. मग आमचे वकील उठले. आक्कानं आदल्या दिवशी त्यांना बजावलं होतं, मला खरी म्हटलं न्हाय तर कोर्टात हुबी ऱ्हाऊन मीच बोलंन. म्हणून त्यांनी आधी नकाशा दाखवला, झाड सगळं आमचं म्हणाले, आणि मग घाम पुसत म्हणाले की साक्षीदार मात्र पूर्ण विश्वासू आहे.

न्यायाधीशसाहेब कानडी मुलखातले होते, पण मराठी चांगलं येत होतं. त्यांनी लेखणी खाली ठेवली आणि मराठीत विचारलं, "ही बाई खोटी आहे असं इथं कुणाचं म्हणणं आहे काय?"

दोन्ही वकील आपापले कागद चाळायला लागले.

"वकीलसाहेब, ती खरी धरली तर तुमचं निम्मं झाड जातं. खोटी धरली तर सगळं राहतं. दोन्ही कसं मागता? तुमच्या अशिलाला विचारा, काय पाहिजे ते."

वकील वळले. सगळं कोर्ट वळलं. मामंजी उठून उभे राहिले. आक्का तेवढी वळली नाही. ती वर छताकडं बघत होती, जणू हे दुसऱ्याच कुणाचं चाललंय. पण पदराचं टोक तिनं मुठीत इतकं घट्ट धरलं होतं की मागून तिच्या हाताच्या शिरा दिसत होत्या.

"साहेब, आंबा माझा हाय," मामंजी म्हणाले. "पर आक्का खोटं बोलत न्हाय."

"दोन्ही कसं खरं होईल?"

"ते तुमी बघा. मला दोन्ही म्हायती हाय, मी दोन्ही सांगितलं."

"एकच सांगा."

रोज सकाळी त्या झाडाखाली जाऊन उभा राहणारा माणूस तो. मामंजींनी डोक्याचा पटका काढून हातात घेतला, तो उलटा केला, परत सुलटा केला. मला वाटलं, हे आता झाड म्हणणार. मी मनात देवाला हात जोडले होते, आणि ते त्या घडीला आक्कासाठी जोडले होते, मुलाच्या नावासाठी नाही, हे मला नंतर आठवून नवल वाटलं.

"मग आक्काचं लिवा," मामंजी म्हणाले आणि खाली बसले.

जेवणाच्या सुट्टीनंतर निकाल सांगितला. झाड दोघांचं, फळं निम्मी निम्मी, खर्च ज्याचा त्यानं सोसावा. म्हणजे दाव्याच्या आधी होतं तेच. आवारात वकिलांनी निकालातलं एक वाक्य मराठीत सांगितलं, की वादीच्या साक्षीदार बाईंनी स्वतःच्या घरच्या नुकसानीचं असूनही खरं ते सांगितलं, त्यांच्या शब्दावर अविश्वास दाखवायला काहीही कारण नाही.

"परत वाचा," आक्का म्हणाली. परत वाचलं. "आता ह्या दोघांना ऐकू जाईल असं वाचा."

मग वकिलांनी सवयीनं मामंजींना विचारलं, "दुसरं अपील करायचं? हायकोर्टात, मुंबईला. पण सांगून ठेवतो, तिथं फक्त कायद्याचा मुद्दा चालतो. खरं काय घडलं, कोण खरं बोललं, ते इथं ठरलं ते ठरलं. ते वर उघडत नाहीत."

आक्का पुढं झाली. "म्हंजे मी खरी, हे आता मुंबैलाबी बदलता येत न्हाय?"

"नाही येत."

"लंडनला?"

"आंब्यासाठी कुणी लंडनला जात नाही, आक्का."

तिनं माझ्या हातातून बाळ घेतलं, त्याच्या डोक्यावरचं टोपडं सारखं केलं आणि इतक्या महिन्यांनी, जणू मी आत्ताच विचारलं होतं, तसं म्हणाली, "दिवं लागायच्या आधी झालाय ह्यो. गाई दारात आलत्या, मी काडी वडाय आगपेटी हातात घेतल्याली, तवर ह्यानं हंबरडा फोडला. दिवा मागनं लावला. जोश्याला सांग." आणि दोन पावलं पुढं जाऊन वळली. "आन त्या पैल्या दिशीच्या आमटीत मीठ लई झालतं."

मी तिथं, कोर्टाच्या आवारात, चार लोकांदेखत रडले. मिठासाठी रडतेय असं आप्पांना वाटलं. ते म्हणाले, "जाऊ दे गं पोरी, तिचं कुटं मनावर घेतीस?"

मुलाचं नाव ठेवलं ते दिवेलागणीच्या आधीच्या अक्षराचं. तो आता मोठा झाला आहे. काही मनासारखं घडलं नाही की कुठल्या तरी जोशाकडं पत्रिका घेऊन जातो, आणि ते म्हणतात, जन्मवेळ नीट तपासून बघायला हवी, थोडी पुढंमागं असेल. तो मला येऊन विचारतो, आई, वेळ नक्की तीच का गं? मी त्याला सांगते, बाबा, ती आक्कानं सांगितलेली वेळ आहे. तिच्यावर अपील नाही.